वाकळेतला ओढा

कोल्हापूरहून परत आलं की आमच्या जळगावात पहिला प्रश्न ठरलेला: चपला आणल्यास का? दुसरा: तिखट झेपलं का? हा दुसरा प्रश्न खानदेशातल्या बाईला विचारणं म्हणजे अपमानच, पण लोक विचारतात. यंदा मी चपला आणल्या नाहीत, तेव्हा शेजारच्या वहिनींनी विचारलं, मग इतके दिवस तू तिथे करत तरी काय होतीस? मी म्हटलं, नकाशा जुळवत होते. कशाचा, ते सांगायची तेव्हा मुभा नव्हती. आता मिळाली आहे. ज्यांचा तो नकाशा, त्या सरदारभाईंना फोन करून विचारलं तर म्हणाले, "लिवा की. नावं तेवढी बदला. तसंबी कोण खरं मानतंय?" म्हणून नावं बदलून, बाकी जसं घडलं तसं लिहिते आहे.

मी नकाशे काढते. किल्ल्यांचे, जंगलवाटांचे, देवस्थानांच्या डोंगरांचे. चुकलेला नकाशा दिसला की माझं डोकं फिरतं. लग्नपत्रिकेच्या मागे कार्यालयाचा नकाशा असतो ना, तोसुद्धा मी लाल पेनाने दुरुस्त करते, त्यामुळे नातेवाईक हल्ली मला पत्रिका हातात देत नाहीत, फोनवर पाठवतात. तर काही वर्षांपूर्वी कोल्हापूरच्या डोंगर चढणाऱ्या मंडळींनी मला नकाशे वाचायला शिकवा म्हणून बोलावलं होतं. तिथे शेवटच्या रांगेत एक गृहस्थ बसले होते, कुरत्याला कापसाचे धागे चिकटलेले. सगळ्यांचे प्रश्न संपल्यावर त्यांनी विचारलं, जिथं जागेपणी जाता येत नाही त्या जागेचा नकाशा काढायचा तर सुरुवात कुठून करायची? मी फटकन म्हटलं, जिथे जाता येत नाही तिथले नकाशे काढत नसतात. त्यांनी मान डोलावली आणि ते निघून गेले.

या हिवाळ्यात त्यांचाच फोन आला. बाई, आम्ही काढलाय, पण जुळंना झालाय, तेवढं येऊन बघता का. माणूस वेडा आहे हे मला कळत होतं. पण न जुळणारा नकाशा म्हटल्यावर मला चैन पडेना. तिकीट काढलं.

मंगळवार पेठ

फोन करणारे हे गृहस्थ, सरदारभाई नदाफ, गाद्या भरतात. पिढ्यान्‌पिढ्या पिंजाऱ्याचा धंदा. वडील खांद्यावर धनुकली घेऊन दारोदार कापूस पिंजत फिरायचे, आता दुकानात यंत्र आहे. दुकानात शिरले तर सगळीकडे कापूस उडत होता, भिंतीवरच्या घड्याळावर, पंख्यावर, सरदारभाईंच्या भुवयांवर. मी शिंकत शिंकत बसले. त्यांच्या बेगमनी आधी गूळ-पाणी दिलं, मग जेवायला वाढलं. तांबडा रस्सा चांगलाच होता, पण घामबिम काही आला नाही. मी तसं बोलून दाखवलं, तर त्या माऊलीने आतून ठेचा आणून पानात वाढला आणि माझ्यासमोर बसून राहिल्या. मग मात्र आला.

जेवण झाल्यावर सरदारभाईंनी सगळं सांगितलं. गादी भरायला टाकणारा माणूस आधी आपल्या झोपेचं रडगाणं सांगतो. पाठ दुखते, झोप लागत नाही, लागली तर भलतंसलतं दिसतं. वडिलांच्या काळापासून हे ऐकता ऐकता त्यांच्या लक्षात आलं, की एकमेकांचं तोंडही न पाहिलेली माणसं त्याच त्या जागा सांगतात. रंकाळ्यासारखं एक तळं, पण पायऱ्या पाण्यातून वर आकाशाकडे गेलेल्या. एक गल्ली, तिथली सगळी दारं उघडी आणि आत चूल पेटलेली, पण माणूस नाही. एक माळ, तिथे ऊन असून कशाचीच सावली पडत नाही. मग हे स्वतःहून विचारायला लागले. आता पेठेतली आणि आसपासच्या गावांतली वीस-पंचवीस माणसं या कामात आहेत. सरदारभाई पहाटेची नमाज आटोपून आले की फोन वाजायला लागतो, आणि ते यंत्र बंद ठेवून एकेकाचं ऐकून घेतात.

नियम मोजके, पण पक्के. तोंडाला पाणी लागायच्या आत सांगायचं. पाहिलं तेवढंच सांगायचं, अंदाज करायचा नाही. आणि फक्त जागा, माणसं नाहीत, कारण माणसं एका ठिकाणी राहत नाहीत. मी विचारलं, मेलेली माणसं दिसली तर? ते म्हणाले, तीबी हिंडतातच की.

आणि हा नकाशा कागदावर नाही. तो वाकळेत आहे, प्रत्येक गावाची वेगळी. आपण जिला गोधडी म्हणतो तिला इकडे वाकळ म्हणतात. जुनी लुगडी, धोतरं थरावर थर घालून शिवतात. या लोकांनी नकाशा मधल्या थरावर धावदोऱ्याने शिवला आहे, वरून साधं कापड. गाद्यांच्या ढिगात ठेवली की कुणाला पत्ता लागत नाही. फोटो काढायचा नाही, नक्कल करायची नाही. एवढी लपवाछपवी कशाला, मी विचारलं. त्यांचं उत्तर सरळ होतं: लोक हसतात, आणि एकदा का कुणी हसलं की माणूस स्वप्न सांगायचा बंद होतो. मी स्वतः अर्ध्या तासापूर्वीपर्यंत मनात हसतच होते.

मग त्यांनी उसवून दाखवलं. पांढऱ्या धोतरावर काळ्या दोऱ्याचे टाके, त्यात तळं, पायऱ्या, गल्ल्या. मी चष्मा पुसला आणि सवयीने विचारलं, उत्तर दिशा कुठे आहे? सरदारभाईंनी बेगमकडे बघितलं. बेगमनी सरदारभाईंकडे बघितलं. उत्तर नव्हती. दिशाच नसलेला नकाशा मी आयुष्यात पहिल्यांदा हातात धरला होता.

कसबा बावडा

दुसऱ्या दिवशी सरदारभाईंच्या स्कूटरवर मागे बसून बावड्याला गेलो. कारखान्याचा हंगाम जोरात. उसाच्या दोन-दोन ट्रॉल्या लावलेले ट्रॅक्टर रस्ता अडवून चाललेले, आणि हवेत मळीचा वास. सरदारभाईंना तो येतच नाही. मला मात्र दिवसभर पुरला.

तिथे दोन भाऊ राहतात. एकाच घरात मध्ये भिंत घालून. दोघांच्या स्वप्नात एकच शेत येतं, त्यात एक विहीर. थोरला म्हणतो विहीर उजव्या हाताला, धाकटा म्हणतो डाव्या. दोघांच्या बायकांनी वाकळेच्या समोरासमोरच्या बाजूंना बसून आपापल्या नवऱ्याची विहीर शिवली, त्यामुळे वाकळेवर विहिरी झाल्या दोन, मग मधला बांध कुणाचा यावरून तंटा लागला, आणि दोघांचं बोलणं बंद. आम्हाला भिंतीच्या अलीकडे एकदा आणि पलीकडे एकदा चहा घ्यावा लागला. मी थोरल्याला चिडून विचारलं, अहो, स्वप्नातल्या जमिनीचा सातबारा निघतो का? तो गंभीरपणे म्हणाला, "निघत न्हाई म्हणूनच तर मिटंना झालंय."

मी बाहेर येऊन पोटभर हसले. विहिरीचं काय ते तेव्हाच डोक्यात यायला हवं होतं, पण मी हसण्यात होते.

शिरोळ

मला बोलावलं होतं ते खरं शिरोळच्या वाकळेसाठी. कृष्णेकाठचा सगळा उसाचा पट्टा, नजर जाईल तिथे हिरवं. पाटलांचं घर जैन, पिढीजात शेती. ओसरीच्या भिंतीवर माझ्या डोक्याच्याही वर एक मातकट रेघ दिसली. महापुराचं पाणी तिथवर आलं होतं. रंग देताना ती रेघ तशीच ठेवतात.

पद्माक्का सत्तरीकडे झुकलेल्या. बोलणं खणखणीत, शेजारच्या शेतातल्या माणसालाही ऐकू जावं असं. इकडच्या बायका 'मी येतो, मी जातो' असंच बोलतात. पहिल्यांदा कान दचकतो, मग आवडायला लागतं. ओसरीतच खाटेवर त्यांचे यजमान, बाबगोंडा अण्णा. जन्मभर ऊस लावला, पूर सोसले. काही वर्षांपूर्वी त्यांचं विसरणं सुरू झालं. आधी माणसांची नावं गेली, मग वाटा, मग नातवंडं. वर्ष उलटून गेलं, ते अक्कांना ओळखत नाहीत. अक्का समोर आल्या की अदबीने पाय आवरून घेतात आणि विचारतात, कुणाकडं आलाय पावणं? मला त्यांनी हेच विचारलं. मी पाहुणीच होते, मला उत्तर देता आलं.

पण पहाटे झोपेत अण्णा बोलतात. आणि झोपेत ते अक्कांना नावाने हाक मारतात. पद्मा, ये. ओढा डाव्या हाताला धर. पडकी भिंत आली की बाभळीखाली थांबलोय बघ. अक्कांनाही तसलीच एक जागा स्वप्नात दिसते. दगडी पायऱ्यांपाशी उभ्या असतात, तिथून ओढ्याकडेने चालतात, पडक्या भिंतीपाशी पोचतात. बाभूळ मात्र नाही. अण्णा नाहीत.

हे सांगताना अक्कांचा आवाज पहिल्यांदा खाली आला. "जागेपणी मी त्यांची कोन न्हाई," त्या म्हणाल्या. "झोपंत हाय. मग मी तिकडंच जायाला नको का?"

त्यांनी पुढे सांगितलं, की अण्णांचं झोपेतलं बोलणंही आता आटत चाललंय. पूर्वी अख्खी वाट सांगायचे, हल्ली दोन-चार शब्द, कधी नुसतंच 'ये'. तेही थांबलं की मग त्यांना कुठे शोधायचं? त्यासाठी हा नकाशा जुळायला हवा होता. मी कोल्हापूरला मौज बघायला आल्यासारखी आले होते, त्याची मला लाज वाटली.

मावळतीच्या आधी जेवलो. दिवस बुडाल्यावर या घरात कुणी खात नाही. आमच्याकडे नऊला तवा तापतो. कांदा नाही, लसूण नाही, कुठलंच कंदमूळ नाही. ज्वारीची भाकरी, मटकीची उसळ, घट्ट दही. लसणाशिवाय शेंगदाण्याची चटणी होते आणि तीही झकास होते, हे मला पन्नाशी उलटल्यावर शिरोळात कळलं. अण्णांना अक्का स्वतःच्या हाताने भरवत होत्या. प्रत्येक घासाला ते म्हणायचे, बास हो बाई, तुमाला उगंच तरास.

सकाळी वाकळ अंथरली. एका अंगाला अक्कांनी शिवलेली त्यांची वाट: पायऱ्या, उजव्या हाताला ओढा, पडकी भिंत. समोरच्या अंगाला सून सुजाताने सासऱ्यांचं ऐकून शिवलेली वाट: पायऱ्या, डाव्या हाताला ओढा, पडकी भिंत, बाभूळ. आणि दोन्हींच्या मध्ये अण्णांच्या जुन्या धोतराची हातभर रुंद कोरी पट्टी, एकही टाका नसलेली. सगळ्यांची समजूत अशी, की ओढे दोन आहेत, आणि मधल्या कोऱ्या भागातून एकाकडून दुसऱ्याकडे जायची वाट सापडली की झालं. वर्षभर ते तेच करत होते. पेठेतली माणसं त्या कोऱ्या जागेचा विचार करत झोपायची. कुणाला तिथे काहीच दिसलं नाही.

मी मोजपट्टी लावली, कोन मोजले, टाक्यांची लांबी मोजली. दुपारपर्यंत माझंही डोकं कोरं झालं. मी सरदारभाईंवर उखडले. साधी उत्तर दिशा दाखवायची अक्कल नाही आणि निघाले जगाचे नकाशे काढायला! ते बिचारे दाढीतला कापूस वेचत बसले. अक्काच म्हणाल्या, ताई, आमच्यात अर्धी वाकळ असली की घरी आलेल्या माणसानं चार टाके घालायचे असतात. घाला, म्हणजे राग जाईल. सुईत दोरा ओवून त्यांनी माझ्या हातात दिली.

अक्का त्यांच्या जागी बसल्या होत्या. रिकामी जागा होती ती खाटेपाशी, सुजाताची. मी तिथे मांडी घातली आणि काठावर पहिला टाका घातला. दुसरा त्याच्या पुढे, मधल्या दिशेने. वाकळ अशीच शिवतात. ज्याची त्याची कड ज्याच्या त्याच्या मांडीपाशी, आणि सगळे मध्याकडे येतात. चौथ्या टाक्याला माझा हात थांबला. मी मान वर केली तर समोर अक्का, त्याही माझ्याकडेच शिवत येत होत्या. माझं पुढे ते त्यांचं मागे होतं. बावड्याचे दोघे भाऊ आठवले. एक विहीर दोन बांधांवरून बघत होते ते, आणि मी मेली हसले होते.

सुजाताला म्हटलं, हा तुकडा उसव. तिने सासूकडे पाहिलं. अक्कांनी स्वतःच कात्री घेतली. अण्णांचा भाग सुटा झाल्यावर मी तो अर्धा गोल फिरवला आणि अक्कांच्या भागाशेजारी ठेवला, दोघांच्या पायऱ्या एका रेषेत. पडकी भिंत पडक्या भिंतीला येऊन मिळाली. अक्कांच्या उजव्या हाताचा ओढा आणि अण्णांच्या डाव्या हाताचा ओढा एकमेकांवर बसले. दोघं एकाच दिशेने चालत होते. ती कोरी पट्टी वाकळ शिवताना पडलेली होती, स्वप्नात ती कुठे नव्हतीच.

"अक्का," मी म्हटलं, "ओढा एकच आहे. तुम्ही अल्याड चालताय, ते पल्याड आहेत. लांब कुठे जायचंच नव्हतं."

अक्का कितीतरी वेळ त्या ओढ्यावर बोट फिरवत राहिल्या. मग विचारलं, "मधी पाणी किती हाय?"

नकाशात खोली नव्हती. मी तसं सांगितलं. त्या एवढंच म्हणाल्या, की मग जाऊन बघाय पायजे. दुपारभर आम्ही चौघं ती वाकळ नव्याने शिवत बसलो. सरदारभाईंचा टाका सगळ्यांत सुबक. खाटेवरून अण्णा मधून मधून म्हणत होते, छान चाललंय, कुणाचं लगीन हाय?

पहाटे मला स्वयंपाकघरातल्या भांड्यांचा आवाज आला तशी मी ओसरीत आले. अक्का वाकळ गुडघ्यांवर घेऊन बसल्या होत्या. तोंड धुतलेलं नव्हतं, म्हणजे सांगायचं असेल तर आत्ताच. मी आणि सुजाता समोर बसलो. सरदारभाई दाराशी उभे राहिले.

अक्कांनी मान हलवली. स्वप्नच पडलं नव्हतं. पायऱ्या नाहीत, ओढा नाही, काहीच नाही. काळीभोर झोप. इतक्या वर्षांत असं झालं नव्हतं, आणि झालं ते नेमकं आज. त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसायचंही त्यांना भान नव्हतं. मला माझाच इतका संताप आला, की ती वाकळ उचलून फेकून द्यावी. त्यांची रोजची वाट मीच मोडून ठेवली असं मला वाटलं.

सुजाता चहा घेऊन आली. अक्का उठल्या, कपबशी घेतली आणि खाटेपाशी गेल्या. अण्णा अजून झोपेत होते, भिंतीकडे तोंड करून. अक्कांच्या पावलांचा आवाज झाला तशी त्यांनी डोळे न उघडताच कूस बदलली.

"पद्मा," ते म्हणाले, "चपला पल्याडच ऱ्हायल्या की तुज्या."

सुजाताने माझा दंड घट्ट धरला. आदल्या दिवशी आम्ही अण्णांच्या देखतच बोलत होतो, ओढ्याचं त्यांनी ऐकलं असेल. मी ऐकीव गोष्टीवर रेघ मारणारी बाई नाही. पण चपलांबद्दल कुणी चकार शब्द काढला नव्हता. पाण्यात उतरताना माणूस चपला काठावर काढून ठेवतो, हे माझ्यासुद्धा डोक्यात आलं नव्हतं.

मग अण्णांनी डोळे उघडले. समोर अक्कांना बघितलं, गडबडीने उठून बसले, पाय जवळ घेतले. खांद्यावरचं पांघरूण नीट केलं.

"या, बसा," ते म्हणाले. "कुणाकडं आलाय पावणं?"

अक्कांनी कपबशी त्यांच्या हातात दिली आणि ती नीट धरली जाईपर्यंत आपला हात काढला नाही. "तुमच्याकडंच आलतो," त्या म्हणाल्या. "चपला ऱ्हाऊंदेत तितंच. परत यायचं हाय की मला."

अण्णांनी मान डोलावली आणि चहा बशीत ओतला. अक्का परसात जाऊन तोंड धुऊन आल्या.

निघण्याआधी नियमाचा प्रश्न आला. पाहिलं तेवढंच शिवायचं. अक्कांनी काही पाहिलं नव्हतं. पण अण्णांनी पाहिलं होतं, आणि चपला म्हणजे काही माणूस नाही. सरदारभाईंनी विचार करून परवानगी दिली. शिवायचं काम माझ्याकडे आलं. ओढ्याच्या अल्याडच्या काठावर, पडक्या भिंतीच्या जरा खाली, मी लाल दोऱ्याने दोन चपला शिवल्या, अंगठ्यांसकट. बऱ्या जमल्या होत्या. घरी परतताना पाय सरकवायला सोप्या जाव्यात म्हणून त्यांची तोंडं मी पायऱ्यांकडे केली होती.

अक्का चष्मा लावून वाकल्या.

"उसवा," त्या म्हणाल्या. "तोंडं पाण्याकडं करा."

गाडीला उशीर होत होता. मी कात्री मागून घेतली, दोन्ही चपला उसवल्या, आणि परत शिवायला बसले.